पाखरमायचा वाळा

करंजतळ्याच्या शाळेवर माझी बदली झाली, तेव्हा गावानं पहिल्याच दिवशी मला दोन गोष्टी सांगून ठेवल्या. शाळेची किल्ली पाटलांच्या घरी असते, आणि गावाच्या शिवेत कोंबडी कापायची नाही. किल्लीचं मला काही नव्हतं. पण मी जालन्याच्या मस्तगडातला माणूस. जुम्म्याच्या सुट्टीला घरात रस्सा शिजला नाही, तर आठवडा सरल्यासारखा वाटत नाही.

"का बरं कापायची नाही?" मी काकासाहेब पाटलांना विचारलं.

"पाखरमाय हाये आमची. तिला पाखराचं रगत चालत न्हाई," पाटील म्हणाले. "तुमाला खायाचीच आसंल तर शिव वलांडून जा. तिकडंच कापा, तिकडंच शिजवा, चूळ भरून या. आमचं काय म्हणणं न्हाई."

पुढची तीन वर्षं दर जुम्म्याला मी एका हातात पातेलं आणि दुसऱ्या हातात कोंबडी घेऊन शिवेपलीकडच्या बाभळीखाली जात होतो. गाव हसायचं. हसो बापडं, जिभेपुढं मला लाज नाही.

आणि चौकशीपुढंही नाही. नको तिथं नाक खुपसायची माझी खोड जुनी आहे. गावात पाय ठेवून आठ दिवस झाले नाहीत तोच मी पाखरमाय बघायला तळ्यावर गेलो. अंबडहून सहा कोस दक्षिणेला, गोदावरीच्या अलीकडं, माळावर हे तळं आहे. त्याच्या पाळीवर शेंदूर फासलेला एक उभा धोंडा. ना हात, ना डोळे. भोवती कमरेइतक्या भिंती आणि वर छप्पर नाही. मागं एका पाटलानं नवस फेडायला पत्रे घातले होते, ते पहिल्याच वैशाखात वावटळीनं नेले.

"तिला छप्पर सोसत न्हाई. तिला वर जायाला वाट लागती," पुजारीण म्हणाली. आसराबाई तिचं नाव. जातीनं धनगर, वय पन्नाशीच्या पुढं, आवाज असा की पलीकडच्या काठावरची म्हैस वळून बघावी.

"वर म्हणजे कुठं?"

"करकोचे जात्यात तिकडं."

करकोचे मी पाहिले होते, पण आजवर कधी नीट बघितले नव्हते म्हणा ना. राखी रंगाचे, काळ्या मानेचे, उंच पायांचे पक्षी. दिवाळी सरली की उत्तरेकडून येतात. आधी आवाज येतो, मग आभाळात वाकडीतिकडी ओळ दिसते, मग तळ्याचा काठ भरून जातो. होळीच्या सुमाराला जसे आले तसे जातात. करंजतळ्याचा समज असा, की गावात कुणी मेलं की त्याचा जीव पाखरमायपाशी थांबतो आणि होळीला करकोच्यांबरोबर वर जातो. तिथं त्याचं पुढं काय होतं ते पाखरमायलाच ठाऊक.

शाळेत निजामाच्या राज्याचा एक नकाशा होता. मी तो पाळीवर नेऊन उलगडला आणि आसराबाईला उत्तर दिशा दाखवली. तिनं बोट ठेवून विचारलं, "ह्याच्या म्होरं?" म्होरं वऱ्हाड होतं. "त्याच्या म्होरं?" त्याच्या म्होरं नकाशा संपला होता.

"मंग तुमाला तरी कुठं ठावं हाये," ती म्हणाली. मला राग आला, कारण ती म्हणाली ते खरं होतं.

जीव पाठवायची रीत मी होळीला डोळ्यांनी पाहिली. होळीच्या आदल्या सकाळी एक पारधी फास लावून एक करकोचा जिवंत धरून आणतो. मेलेल्याच्या पागोट्यातलं, बाईमाणूस असेल तर लुगड्यातलं सूत काढून आसराबाई ते पाखराच्या डाव्या पायाला बांधते आणि पाखरू सोडून देते. सूत कच्चं हवं, फेरा एकच हवा आणि गाठ सैल हवी. वाटेत ऊन लागतं, पाणी लागतं, सूत कुजून गळून पडतं. ते गळलं की माणूस सुटला.

पण कार्तिकात एखादं पाखरू पायातल्या दोऱ्यासकट परत आलं, तर तो जीव अजून घरात अडकलेला. मग ते घर जिथल्या तिथं थांबतं. भावांच्या वाटण्या होत नाहीत आणि विधवेला पाट लावता येत नाही, म्हणजे दुसरा संसार करता येत नाही. पुढच्या होळीला पुन्हा दोरा, पुन्हा वाट बघणं. पूर्वी एका बाईच्या वाट्याला असं आलं होतं. ती दोन वर्षं थांबली आणि तिसऱ्या वर्षी तिला विचारायला कुणी आलंच नाही. मी गेलो तेव्हा ती म्हातारी होऊन भावाच्या ओसरीवर तूर निवडत बसलेली असायची.

आता गोष्ट सदतीस सालची. आदल्या भादव्यात आसराबाईचा एकुलता एक पोरगा धुळाजी शहागडापाशी मेंढरं पलीकडं नेताना गोदावरीत वाहून गेला. मेंढरं निघाली, तो निघाला नाही. पंधरा दिवस काठाकाठानं शोधलं, पण मातीसुद्धा हाती लागली नाही. त्याची बायको जयवंताबाई वीस वर्षांची, पोटी मूल नाही. होळीला आसराबाईनं स्वतःच्या हातानं पोराच्या पागोट्याचं सूत पाखराला बांधून ते सोडलं. सगळं गाव तिच्या धीराचं कौतुक करत घरी गेलं. त्यात मीही होतो.

उन्हाळ्यात राजूरकडचा सांडू नावाचा एक बिजवर जयवंताला मागणी घालून गेला. माणूस सरळ, पन्नास मेंढरं, तोंडानं गोड. जयवंता आमच्या घरी दूध घालायला यायची. एक दिवस तिनं माझ्या बायकोला सरळ सांगितलं, "काकू, मला त्यो पसंत हाये. मला हितं न्हाई राह्यचं. हितं समदं त्यांचंच हाये, मी कुठं बसू?" आसराबाईनं मागणी मोडली नाही. एवढंच म्हणाली, कार्तिक जाऊ द्या, पाखरं बघू द्या, मग मार्गेसरात पाट लावू.

कार्तिक लागला. पहिला थवा आला, दुसरा आला. रोज सकाळी अर्धं गाव पाळीवर उभं राहून पाखरांचे पाय बघायचं. मीही शाळा अर्धा तास उशिरा भरवायला लागलो. तिसरा थवा उतरला त्या दिवशी एक करकोचा बाकीच्यांपासून बाजूला, थेट देवळासमोरच्या चिखलात उतरला. त्यानं पाय उचलला आणि पायात काहीतरी लखकन चमकलं.

माणसं पाळीच्या कडेला सरकली.

"धुळाजी आला," आसराबाई म्हणाली. आवाज एवढा हळू, की मी शेजारी होतो म्हणून मला ऐकू आलं.

"दोरा चमकत आस्तो का, आत्या?" जयवंतानं विचारलं. काकासाहेब पाटलांनी तिथल्या तिथं ठरवलं, सांडूकडं निरोप धाडायचा, पाट थांबला म्हणून.

दुपारी जयवंता शाळेत आली. पोरं पाढे म्हणत होती. ती दाराशीच उभी राहिली.

"मास्तर, तुमी नकाशावाले. ते काय हाये ते धरून बघा. दोरा आसंल तर मी मुकाट बसते. दोरा नसंल तर समद्यांम्होरं तसं सांगा. मला त्या वसरीवर तूर निवडायची न्हाई."

मी पाटलांकडं गेलो, वाद घातला, आवाज चढवला. शेवटी पाटील म्हणाले, बघा धरून, तुमचीबी हौस फिटू द्या. दुसऱ्या दिवशी पारध्यानं फास लावला आणि तासाभरात पाखरू काखेत घेऊन आला.

दोरा नव्हता. बोटाच्या पेराएवढी रुंद, पातळ, पांढऱ्या धातूची एक पट्टी पायाभोवती वाकवून बसवलेली होती. तिच्यावर बारीक अक्षरं कोरलेली होती. गर्दीतून एकच शब्द आला, "वाळा." लेकरांच्या पायात घालतो तसा वाळा.

आसराबाई पुढं आली. "धुळ्याच्या बारशाला म्या त्येच्या पायात वाळा घातल्ता," ती म्हणाली. "मी वळखावं म्हणून घालून आलाय." तिनं पाखरू पारध्याच्या हातून काढून घेतलं. मेंढरं कोंडायचं जाळं असतं, वाघर म्हणतात त्याला, ती तिनं देवळाच्या भिंतीत उभी केली, वरूनही जाळं ताणलं आणि करकोचा आत सोडला. छप्पर नसलेल्या देवळावर त्या उडालेल्या पत्र्यांनंतर पहिल्यांदाच काही झाकण आलं. मला ते बरं दिसलं नाही, पण बोलायची माझी प्राज्ञा नव्हती.

तिनं आत सोडायच्या आधी मात्र मी एक काम उरकून घेतलं. पट्टीवर कागद धरला आणि वरून पेन्सिल घासली. अक्षरं कागदावर उमटली. आकडे वाचता आले, अक्षरं इंग्रजी वळणाची होती, आणि माझं इंग्रजी मनीऑर्डरीच्या फारमापुढं जात नाही.

"मला तीन दिवस द्या," मी पाटलांना म्हणालो. "जालन्याला जाऊन वाचून आणतो."

"सोमवारपस्तोर," पाटील म्हणाले. "मंग पुजारीण म्हणंल ते बराबर."

अंबडपर्यंत पायी आणि पुढं मोटारीनं मी जालना गाठलं. मस्तगडात आमच्या गल्लीच्या तोंडाशी युसूफमियाँ घड्याळवाले बसायचे. तरुणपणी पलटणीबरोबर मिसर, शाम म्हणजे इजिप्त, सीरिया असे मुलूख पाहून आलेले. डोळ्याला भिंग लावून त्यांनी माझा कागद इतका वेळ न्याहाळला, की गिऱ्हाईक कंटाळून निघून गेलं.

"अक्षरं अंग्रेजी हायेत, पण बोली अंग्रेजी न्हाई," ते म्हणाले. "हा शेवटचा लफ्ज मोस्क्वा. मॉस्को म्हणतात ना, रूसमधलं, तेच. हा नंबर. मास्तर, हे कशावरचं हाये?"

"पाखराच्या पायातलं."

युसूफमियाँनी भिंग काढलं आणि ते खुदकन हसले. मिसरमध्ये त्यांनी असाच एक बगळा पाहिला होता, जर्मनीतल्या कड्याचा. त्यांच्या साहेबानं तेव्हा त्यांना समजावून सांगितलं होतं. तिकडं काही विद्वान लोक आहेत. हिवाळा लागला की त्यांच्याकडची पाखरं नाहीशी होतात. कुठं जातात ते त्यांना कळत नाही. म्हणून ते पाखरं धरतात, पायात नंबराचं कडं घालतात आणि सोडून देतात. कुणाला सापडलं तर त्यानं कळवावं, एवढीच अपेक्षा.

मला इतका आनंद झाला, की मी युसूफमियाँना मिठी मारली. मॉस्को ते करंजतळं, दीड हजार कोस! आसराबाईनं बोट ठेवलं होतं तिथून पुढचा सगळा नकाशा मला एका पट्टीत सापडला होता. घरी आई विचारत होती जेवतोस का, आणि मी एकटाच हसत होतो. सांगायला लाज वाटते, पण जयवंताची आठवण मला परतीच्या मोटारीत, अंबड आल्यावर झाली.

सोमवारी उजाडता उजाडता मी पाळीवर पोचलो. गाव अजून यायचं होतं. भिंतीपलीकडून आसराबाईचा आवाज येत होता, म्हणून मी थांबलो.

"हुलग्याचं माडगं केलंय," ती म्हणत होती. "तुला आवडतं तसं पातळ. पाखरू झालास म्हणून काय झालं, दोन घोट घे. तीन दिस झाले, काय खाल्लं न्हाईस."

मी भिंतीवरून डोकावलो. करकोचा कोपऱ्यात एका पायावर उभा होता. समोर माडग्याची वाटी आणि ज्वारी पसरलेली. ज्वारीला त्यानं थोडी चोच लावलेली दिसत होती. आसराबाई जाळ्याला कपाळ टेकून बसली होती. मला त्या क्षणी परत फिरून निघून जावंसं वाटलं.

पण गाव आलं. पाटील आले, पारधी आला, सांडूही आला होता आणि लांब, वाहणा हातात धरून उभा होता. जयवंता बायकांत सर्वांत मागं होती. मी जे ऐकलं होतं ते जसंच्या तसं सांगितलं. रूस देश, मॉस्को शहर, विद्वान माणसं, कडं, नंबर.

पाटलांना ते पटलं की नाही कळलं नाही. ते आसराबाईकडं बघत होते. मग तिनं एकेक करून विचारायला सुरुवात केली.

"त्येंच्याकडनंबी पाखरं निघून जात्यात?"

"हो. थंडी पडली की."

"आन् कुठं जात्यात ते त्येंना ठावं न्हाई."

"नाही. म्हणून तर वाळा घालतात."

"मंग वाट बघून राह्यले आसतील."

"असतीलच."

तिनं जाळं वर केलं, आत गेली आणि पाखराला हळूच काखेत घेतलं. पंख दाबून धरायची तिला सवय होती. दुसऱ्या हातानं तिनं ती पट्टी पायाभोवती फिरवून पाहिली, एकदा, दोनदा.

"ह्याची गाठ कुठं हाये?"

"गाठ नाही. पकडीनं दाबून बसवलंय."

"कुजंल कवा?"

"कुजणार नाही ते. पाखरू मरेस्तोवर पायात राहील."

"मंग ज्येनं बांधलं त्येला सोडायचंच नव्हतं," आसराबाई म्हणाली.

मी घाईनं म्हणालो, तसं नाही, ती विद्वान माणसं आहेत, त्यांच्या मनात जीवाबिवाचं काही नसतं. "मास्तर, तुमी लई बोलून राह्यले," पाटील म्हणाले.

"पाटील," आसराबाई म्हणाली, "म्या सूत बांधलं न्हाई."

"कवा?"

"होळीला. धुळ्याच्या येळेला. हातात पागोट्याचं सूत व्हतं, ते समद्यांनी बघितलं. पण मुठीच्या आत लोकर व्हती. काळी, दोनदा पिळल्याली. सात गाठी मारल्या. पाण्यानं कुजू नये, उन्हानं तुटू नये, म्हणून लोकर घेतली. मला त्यो परत पायजे व्हता. माती द्यायाबी गावला न्हाई मला, मंग सोडू कसा?"

वीस वर्षं ह्या बाईनं गावातल्या प्रत्येक मेलेल्याचा दोरा बांधला होता. माणसं एकमेकांकडं बघायला लागली. तूर निवडणारी ती म्हातारी कुणाच्या तरी आधारानं आली होती, तिनं पुढं होऊन विचारलं, "माझ्या मालकाचं?"

"ते माझ्या आधीच्या पुजारणीनं बांधल्तं, माय. मी बांधले ते समदे सुताचेच. पाखरमायची आण. दुसऱ्याचं सोडायला काय लागतं."

पाटील रीतीचे पक्के होते. ते म्हणाले, "मंग तर त्यो बिलकुल आडकला. पाखरू परत येवो न येवो, गाठ हाये. पाट न्हाई व्हायचा."

सांडूनं मान खाली घातली. बायकांमधून वाट काढत जयवंता पुढं आली. ती पाटलांशी बोललीच नाही, सासूसमोर जाऊन उभी राहिली.

"मला ठावं व्हतं, आत्या. होळीला मी तुमच्या मागंच व्हते. काळी लोकर दिसली मला."

"मंग तवाच का बोलली न्हाईस?"

"तवा मलाबी वाटत व्हतं, त्यो यावा." जयवंताच्या डोळ्यांतून पाणी आलं, पण तिनं ते पुसलं नाही. "आता न्हाई वाटत. पाप लागंल तर लागू द्या. मला जगायचंय."

दोघी एकमेकींकडं किती वेळ बघत होत्या कोण जाणे. मला तिथं उभं राहणं नको झालं होतं, आणि डोळेही काढवत नव्हते. माझ्या सगळ्या चौकशीत त्या वाळ्याची गाठ कुठं आहे हे विचारायचं मला एकदाही सुचलं नव्हतं.

आसराबाईनं पारध्याला हाक मारली. "तुजी सुरी आण. वाळा काढ ह्याचा."

मी मध्ये पडलो. ते लोक शोधत असतील, वाळा गेला तर त्यांची सगळी मेहनत वाया जाईल, पुढं कुठं कुणाला सापडलं तर कळणार कसं, असं काहीबाही बोललो. खरं सांगायचं तर मला ते पाखरू तसंच वाळ्यासकट पुन्हा पुढच्या कार्तिकात बघायचं होतं.

"कुण्या तरी माउलीनं बांधलंय, मास्तर. विद्वान आसली म्हणून काय झालं. तिला सोडवंना. तिच्यानं व्हत न्हाई तर आपुन सोडू. पाव्हणं हाये ते आपलं."

पारध्यानं सुरीचं टोक फटीत घालून पट्टी उकलली. धातू मऊ होता. आसराबाईनं पाखरू खाली ठेवलं. ते दहा-बारा पावलं धावलं, उडालं आणि तळ्याच्या पलीकडं आपल्या थव्यात जाऊन बसलं. तिकडं गेल्यावर कोणतं ते आम्हाला ओळखू आलं नाही.

मग ती पाटलांकडं वळली. "गाठ माझ्या हातची हाये. तिच्यात मी आडकले. ह्या पोरीनं काय बांधलं न्हाई, तिला कशापायी आडकवता? पाट मार्गेसरात व्हईल. पुजारीण हाये तवर माझा सबूद. मंग पायजे तर दुसरी बघा."

पाटलांनी पागोटं काढून मांडीवर ठेवलं, डोकं खाजवलं, पुन्हा घातलं. "व्हऊ द्या," ते म्हणाले.

मार्गेसरात पाट झाला. जयवंताला नवं लुगडं आसराबाईनंच नेसवलं आणि गाडीबरोबर शिवेपर्यंत जाऊन ती एकटी परत आली. गावानं दुसरी पुजारीण काही बघितली नाही. पाटील नुसते एवढंच म्हणाले, आता तिच्याइतकं गाठीतलं कुणाला कळतं.

गाडी गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत आसराबाई शाळेत आली. आजवर ती शाळेत कधी आलेली नव्हती. भिंतीवरच्या नकाशासमोर थोडी थांबली, मग खाली बसली.

"मास्तर, वाळा घालणाराला कळवावं लागतं म्हन्ला व्हतात."

"हो."

"मंग कागद लिव्हा."

मी तिला अडचणी सांगितल्या. निजामाचं टपाल राज्याच्या शिवेपर्यंतच चालतं. रूसला पत्र घालायचं तर जालन्याला इंग्रजी टपालात घालावं लागेल. मराठी तिकडं कुणाला कळणार नाही, युसूफमियाँकडून इंग्रजी करून घ्यावं लागेल. नावगाव पुरतं ठाऊक नाही, मोस्क्वा आणि नंबर एवढ्यावर ते पोचेल याचा भरवसा नाही.

"पाखरू पोचलं ना," ती म्हणाली. "लिव्हा."

मी दौत पुढं ओढली. ती भिंतीला टेकून, डोळे मिटून सांगत गेली आणि मी एकही शब्द न बदलता लिहीत गेलो.

"तुमचं पाखरू हितं सुखरूप पोचलं. वाळा आमी काढला. राग मानू नका. आता ते मोकळं हाये, तुमीबी मोकळ्या व्हा." तिनं थोडा दम घेतला. "आमचंबी एक तिकडं आल्यालं हाये. डाव्या पायात काळी लोकर हाये त्येच्या, सात गाठी. तेवढं दिसलं तर, बाई, तुमच्या हातानं कापून टाका. माझ्यानं झालं न्हाई."